गेटवरची फतेह

माणसावर विश्वास ठेवायचा नाही हे राजाराम गमरेच्या नोकरीतलं काम आहे, आणि ते काम तो ड्युटी संपल्यावरही घरी घेऊन जातो. भोईवाड्यातल्या आमच्या ‘नवतरंग’ सोसायटीच्या गेटवर तो अकरा वर्षं वॉचमन आहे. कुरियरवाला तीन वर्षं रोज येतो, तरी राजाराम त्याला रोज नव्याने विचारतो, कुठून आलास, कुणाकडे. मी या सोसायटीचा सेक्रेटरी. चौथ्यांदा बिनविरोध, कारण हे लचांड गळ्यात घ्यायला दुसरं कोणी तयार नाही. तर मी भाजी घेऊन आत शिरलो तरी राजाराम माझ्याकडे असा बघतो की मलाच शंका यावी, आपण खरंच इथे राहतो ना.

त्याच्याबद्दल माझ्याकडे एकच तक्रार सारखी यायची. वॉचमन नमस्कार करत नाही. बिल्डरने बाहेरच्यांना विकलेल्या विंगमधले नवे लोक गाडीची काच खाली करून वाट बघायचे आणि हा गेट उघडून सरळ उभा. कोणी नमस्कार केला तर उत्तर द्यायचा, आधी मात्र कधीच हात जोडायचा नाही. शेवटी मी त्याला खडसावलं. एवढं काय जातं रे तुझं, म्हटलं.

तेव्हा त्याने मला त्याच्या आजोबांचं सांगितलं. रत्नागिरीकडच्या त्यांच्या गावात वरच्या जातीचं माणूस समोर आलं की आजोबा वाट सोडून लांब उभे राहायचे आणि वाकून ‘जोहार मायबाप’ म्हणायचे. पलीकडून उत्तर येत नसे. उत्तर द्यायची पद्धतच नव्हती. पुढे बाप परळच्या गिरणीत लागला, चाळीत राहायला आला, बुद्धविहारात जाऊ लागला, आणि घरात ‘जय भीम’ सुरू झालं. ‘जय भीम’ला समोरून ‘जय भीम’च येतं. त्याहून कमी नाही, जास्त नाही. राजाराम म्हणाला, “साहेब, ज्याला उत्तर यायची खात्री नाही, असा नमस्कार आमच्या घरात कोणी करत नाही.”

मला राग आला. त्याचा आला की माझा, ते ठरवता आलं नाही. इतक्या वर्षांत मी एकदाही त्याला ‘जय भीम’ म्हटलं नव्हतं, आणि आपण म्हणत नाही हे माझ्या लक्षातही आलं नव्हतं. त्यानंतरही लगेच म्हणायला लागलो असं नाही. मी त्या तक्रारी फायलीला लावल्या आणि विषय मिटवला.

गेल्या वर्षी मात्र मिटवता येणार नाही असं घडलं. चौथ्या मजल्यावर ॲन्टोनेट आंटी एकट्या राहतात. त्यांचा भाचा ब्रेंडन गोव्याला असतो. एका दुपारी ब्रेंडनचा मित्र म्हणून चांगल्या कपड्यांतला एक माणूस आला. गेटवर हसून ‘नमस्कार मामा’ म्हणाला, तब्येत विचारली, आणि राजारामने त्याला सोडलं. तासाभराने तो तितकंच हसून बाहेर पडला तेव्हा आंटींच्या चार बांगड्या त्याच्या खिशात होत्या. राजारामला पोलीस चौकीत दिवसभर बसवून ठेवलं. एजन्सीच्या माणसाने दम दिला की पुन्हा असं झालं तर घरी बसायचं. मीही सगळ्यांसमोर बोललो की पुढच्या वेळी मी तुला वाचवू शकणार नाही. त्याची बायको बकुळा इस्पितळात आया आहे. दुसऱ्या दिवशी ती डबा द्यायला आली आणि माझ्याकडे न बघता निघून गेली.

त्या दिवसापासून जो आधी हसेल, आधी हात जोडेल, तो राजारामच्या लेखी चोर.

आणि अशातच दरबारा सिंग सग्गू सातव्या मजल्यावर राहायला आले. वय बहात्तर, पांढरी दाढी, निळी पगडी. चिंचपोकळीला चाळीस वर्षं लेथचं वर्कशॉप चालवलेलं, सगळे कामगार मराठी, त्यामुळे मराठी आपल्यासारखंच, फक्त जरा मोठ्याने. बायको वारलेली. पहिल्याच सकाळी ते गेटपाशी थांबले, दोन्ही हात जोडले आणि म्हणाले, “वाहेगुरूजी का खालसा, वाहेगुरूजी की फतेह, राजारामजी.”

राजारामने त्या दिवशी रजिस्टरमध्ये त्यांची वेळ दोनदा लिहिली. फ्लॅटचा मालक वॉचमनला आधी हात जोडतो आणि वर नावाला ‘जी’ लावतो, यात काहीतरी काळंबेरं असणारच. मला येऊन म्हणाला, लक्ष ठेवा. मी त्याच्याही पुढचा. मला वाटलं, हे गृहस्थ निवडणुकीला उभे राहणार. ते लिफ्टमनला हात जोडत, कचरा नेणाऱ्या प्रितीला जोडत, मला जोडत, आणि सगळ्यांना तेच वाक्य. मी मनातल्या मनात त्यांची मतं मोजून ठेवली आणि महिनाभर त्यांच्याशी तुटक वागलो. जे पद मला नको होतं ते दुसऱ्याने मागू नये म्हणून मी किती जपत होतो, हे आता सांगायलाही लाज वाटते.

महिन्याने राजारामनेच त्यांना तोंडावर विचारलं की सरदारजी, तुम्हाला माझ्याकडून काय पाहिजे. दरबारा सिंग हसले नाहीत. प्लास्टिकची खुर्ची ओढून बसले आणि समजावून सांगितलं. मी कट्ट्यावर पेपर वाचत होतो, म्हणजे ऐकत होतो. त्यांच्यात पाया पडणं नाही, थोरामोठ्याने मान हलवून घेणं नाही. एकाने म्हटलं तेच पूर्ण वाक्य दुसऱ्याने परत म्हणायचं. खालसा म्हणजे त्यांचा पंथ, तो त्या वाहेगुरूचा, देवाचा, आणि फतेह म्हणजे विजय, तोही त्याचाच. दोघांपैकी कोणाच्याच मालकीचं त्यात काही नाही, म्हणून कोण मोठा कोण लहान हा प्रश्न येत नाही. आधी कोण म्हणेल याची उलट चढाओढ असते, कारण आधी म्हणणाऱ्याला पुण्य जास्त. आणि ऐकणाऱ्याने उत्तर द्यायचंच, ते अडवून ठेवायचं नाही. बाजारात, रस्त्यात लोक नुसतं ‘सत श्री अकाल’ म्हणतात, तेही चालतं. पण जो पक्का असेल तो फतेहला फतेहनेच उत्तर देणार.

राजारामने रजिस्टर मिटलं. मग म्हणाला, म्हणजे आमच्यासारखंच. दिलं तेवढं परत. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने अडखळत, पण अख्खं वाक्य परत केलं. दरबारा सिंगांनीही त्याला त्यानंतर ‘जय भीम’ म्हणून पाहिलं, आणि मग दोघांत ठरूनच गेलं, सकाळी फतेह, संध्याकाळी जय भीम. अकरा वर्षांत मी राजारामचे दात पाहिले नव्हते, ते त्या महिन्यात पाहिले.

पण स्वभाव जातो कुठे. दरबारा सिंगांनी सांगितलं त्यातलं शेवटचं वाक्य तेवढं राजारामने उचललं, आणि गेटवर वापरायला काढलं. सातव्या मजल्यावर कोणी आलं की आधी हा हात जोडून फतेह म्हणायचा आणि समोरच्याच्या तोंडाकडे बघत राहायचा. बरोबर उत्तर आलं की गेट उघडलं. वर्कशॉपमधले त्यांचे जुने मित्र हे वाक्य वर्षानुवर्षं ऐकत आलेले, ते पास झाले. एक बाई ‘सत श्री अकाल’ म्हणाल्या तर त्यांना इंटरकॉमवर खात्री होईपर्यंत उभं ठेवलं. मला हे कळलं तेव्हा मी त्याची पाठ थोपटली. बांगड्या चोरायला येणाऱ्याला हे वाक्य कुठून येणार, असं मी कमिटीच्या मीटिंगमध्येही सांगितलं, आणि सगळ्यांना ते भारी वाटलं. सरदारजींना मात्र यातलं काही माहीत नव्हतं.

दरबारा सिंगांना एक मुलगा होता, परमीत, बडोद्याला. एकदा पार्सल वर नेलं तेव्हा राजारामने त्याचा फोटो पाहिला होता, पगडी बांधलेला, नुकती दाढी फुटलेला. तो इकडे का येत नाही हे त्यांनी कधी सांगितलं नाही. या फेब्रुवारीत त्यांच्या डोळ्याचं ऑपरेशन ठरलं, तेव्हा त्यांनी लुधियानाच्या बहिणीकडून मुलाला निरोप धाडला. तेव्हापासून रोज संध्याकाळी खाली येऊन राजारामला विचारायचे, कोणी आलं होतं का. राजाराम नाही म्हणायचा. ते म्हणायचे, येईल, आणि लिफ्टकडे वळायचे. ऑपरेशन झालं, डोळ्यावर पट्टी आली, काळा चष्मा आला, तरी विचारायला खाली येणं चुकलं नाही. हा माणूस आता फक्त त्या एका उत्तरासाठी जगतोय, असं मला तेव्हाच वाटलं होतं. विचारायचं मात्र माझं धाडस झालं नाही.

गेल्या महिन्यातल्या एका गुरुवारी सरदारजी तपासणीला इस्पितळात गेले होते. साडेचारच्या सुमाराला टॅक्सीतून एक माणूस उतरला. चाळिशीचा, केस बारीक कापलेले, दाढी गुळगुळीत, हातात एक बॅग. म्हणाला, सातव्या मजल्यावर जायचंय, दरबारा सिंगांचा मुलगा मी.

राजारामने इंटरकॉम लावला. कोणी उचलला नाही, घरात कोणी नव्हतंच. त्याने त्या माणसाकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं, भिंतीवरचा फोटो आठवला, आणि हात जोडून फतेह म्हणाला.

त्या माणसाचे हात उचलले गेले आणि अर्ध्यावर थांबले. त्याने मान खाली घातली. “ते मला नाही बोलता येणार, मामा,” असं म्हणाला.

‘मामा’ म्हटल्यावर तर राजारामला कसलीच शंका उरली नाही. त्याने गेटची कडी लावली. ओळखपत्र दाखवा म्हणाला. त्या माणसाने पाकीट उघडलं, राजारामने त्यातलं कार्ड बघायचंही नाकारलं, कार्डं काय कोणीही छापतं. आवाज चढवून त्याने सांगितलं की असले मुलगे आम्ही खूप बघितलेत, चालू पडायचं. तो माणूस वाद घालत बसला नाही. जरा वेळ वरच्या खिडक्यांकडे बघत उभा राहिला, मग दुसऱ्या टॅक्सीला हात केला आणि ड्रायव्हरला म्हणाला, दादर गुरुद्वारा. राजारामच्या मते तेही त्याला ऐकू जावं म्हणूनच म्हटलं होतं. पुढच्या सिग्नलला उतरेल, म्हणाला.

मी साडेपाचला खाली आलो तर राजारामने छाती पुढे काढून सगळं सांगितलं. मी तिथल्या तिथे सोसायटीच्या ग्रुपवर टाकलं, आपल्या दक्ष वॉचमनने आज एक भामटा परतवला, सर्वांनी अभिनंदन करावं. पटापट अंगठे आले. ॲन्टोनेट आंटींनी तर हात जोडलेले सहा पाठवले.

सहाच्या आसपास दरबारा सिंग टॅक्सीतून उतरले, चाचपडत गेटला हात लावला, जय भीम म्हणाले, आणि रोजचा प्रश्न विचारला.

राजाराम आनंदाने म्हणाला, आज एक जण आला होता, तुमचा मुलगा बनून. पगडी नाही, दाढी नाही. मी फतेह टाकली, त्याला उत्तर देता आलं नाही. हाकलला.

दरबारा सिंगांनी गेटचा गज धरला. “उत्तर देता आलं नाही, की देणार नाही म्हणाला? नीट आठव.”

राजारामने आठवलं. मला नाही बोलता येणार, असं म्हणाला. दरबारा सिंगांनी ते त्याच्याकडून पुन्हा वदवून घेतलं. मग खुर्चीवर बसले. मला त्यांचे डोळे दिसत नव्हते, काळा चष्मा होता.

“तो माझाच आहे, राजारामजी,” ते म्हणाले.

मग जे कोणालाच सांगितलं नव्हतं ते त्यांनी एका वॉचमनला आणि एका सेक्रेटरीला सांगितलं. तेरा वर्षांपूर्वी परमीतने केस कापले. जिथे जातो तिथे लोक आधी पगडीशी बोलतात, माझ्याशी कोणी बोलत नाही, असं त्याचं म्हणणं. संध्याकाळी घरी आला आणि रोजच्यासारखी बापाला फतेह म्हणाला. बाप म्हणाला, या तोंडाने ती म्हणायची नाही. खालशाची फतेह तू विकलीस, पुन्हा माझ्यासमोर जिभेवर आणू नकोस. मुलाने दोन दिवस वाट पाहिली आणि घर सोडलं. तेव्हापासून त्याने ती म्हटली नसणार, ते म्हणाले, मी म्हणू नको म्हटलं ना. आज गेटवरही त्याने माझं ऐकलं.

राजारामचं तोंड काळवंडलं, आणि मग तो चिडला. चिडायचा त्याला हक्क होता. फोटो पगडीवाला दाखवलात, म्हणाला, खरं का नाही सांगितलंत. मी दोन महिने या गेटवर तुमच्यासाठी लोक पारखतोय, मला एक शब्द सांगता आला नाही तुम्हाला. दरबारा सिंग म्हणाले, लाज वाटली. मुलाची आधी वाटली, नंतर माझी वाटली.

मला ग्रुपवरचा मेसेज आठवला. पुसायला गेलो तर त्रेपन्न जणांनी वाचला होता.

गेट रिकामं सोडून राजाराम अकरा वर्षांत पहिल्यांदा टॅक्सीत बसला, आणि मी, सेक्रेटरीने, त्याला अडवलं नाही. ड्रायव्हरला त्यानेच दादर गुरुद्वारा सांगितलं, आणि आम्ही तिघे निघालो. मला मनातून वाटत होतं की परमीत खरंच पुढच्या सिग्नलला उतरला असेल, एव्हाना बडोद्याच्या गाडीत असेल. गुरुद्वाऱ्यात चपला ठेवल्या, पाय धुतले, टोपलीतले रुमाल घेऊन राजारामने आणि मी डोकी झाकली. दरबारा सिंगांनी वर जाऊन मत्था टेकला. सभागृहात तो नव्हता. मग आम्ही लंगरच्या हॉलमध्ये उतरलो. लांबच लांब पंगती, वाढणाऱ्यांची धावपळ, डाळीचा वास. एका डोळ्याला पट्टी आणि वर काळा चष्मा, त्यामुळे म्हाताऱ्याला तोंडं ओळखू येत नव्हती. ज्याने मुलाला हाकललं त्यालाच तो शोधून द्यावा लागला. राजाराम एकेका पंगतीवरून नजर फिरवत गेला आणि त्यांच्या कोपराला धरून हळूच म्हणाला, खांबाजवळ, केशरी रुमाल.

परमीत जेवण संपवून ताट हातात घेऊन उठत होता. दरबारा सिंग त्याच्यासमोर चार पावलांवर जाऊन उभे राहिले, हात जोडले आणि मोठ्याने म्हणाले, “वाहेगुरूजी का खालसा, वाहेगुरूजी की फतेह.”

आजूबाजूच्या सगळ्या पंगतीने सवयीने उत्तर दिलं. वाढणाऱ्याने हातातली बादली तशीच धरून दिलं, एका म्हातारीने घास गिळून दिलं. ज्याच्यासाठी होतं तो तेवढा गप्प. त्याने आधी बापाच्या डोळ्यावरच्या पट्टीकडे पाहिलं, मग मागे उभ्या असलेल्या राजारामकडे. मला वाटलं, हा आता ताट ठेवेल आणि निघून जाईल. त्याने तसं केलं असतं तर मी त्याला बोल लावला नसता.

पुढचं ते पंजाबीत बोलले, पण मला कळलं. परमीत म्हणाला, “तुम्हीच बंद केली होती, पापाजी.”

“केली,” दरबारा सिंग म्हणाले. “माझी नव्हतीच ती बंद करायला. त्याची आहे. मी कोण लागून गेलो अडवणारा?”

परमीतने ताट खाली ठेवलं. हात जोडले. “वाहेगुरूजी का खालसा” एवढं कसंबसं बाहेर आलं, पुढचे शब्द येईनात. पंगतीतला एक माणूस मदतीला म्हणून पुढचे शब्द सांगू लागला, तर राजारामने त्याला हाताने थांबवलं. दरबारा सिंगांनीही मुलाचं वाक्य पुरं केलं नाही. ते जोडलेले हात खाली न घेता तसेच उभे राहिले, मुलाच्या तोंडून उरलेलं अर्धं येईपर्यंत.